नंदाचे सोमवार

मंडईमागच्या गल्लीत बायकांच्या आतल्या कपड्यांचं एक जुनं दुकान आहे. त्र्याण्णव सालापर्यंत तिथे विकायला चार पुरुष असत. बाई दुकानात यायची, आधी साडीचा फॉल बघायची, मग अस्तर, मग हातरुमाल, आणि निघता निघता कुणाकडेही न बघता ‘छत्तीस’ म्हणायची. विकणाराही तिच्याकडे न बघता खोकं काढायचा. वर्तमानपत्रात गुंडाळलेलं पुडकं हातात पडलं की दोघंही सुटायची. अर्ध्या पुण्यातल्या बायका चुकीच्या मापात आयुष्य काढत होत्या, असं नंदा पुढे म्हणायची.

बाहेरच्या कंपन्यांचा माल यायला लागला, मापं वाढली, रंग वाढले, आणि नुसतं ‘छत्तीस’ म्हणून भागेनासं झालं. तेव्हा मालक हिंमतरावांनी बाई नेमायचं ठरवलं. नंदा मेश्राम भेटायला गेली तेव्हा त्यांनी चष्म्यावरून पाहिलं आणि म्हणाले, “बाई, इथे लाजायचं काम गिऱ्हाईक करतं. तुम्हीही लाजलात तर दोघींना समोरच्या भेळवाल्याकडे पाठवावं लागेल.”

“मी लाजत नाही,” नंदा म्हणाली.

ते खरं होतं. लाजण्याचे दिवस तिने चार वर्षांत संपवले होते.

ती भंडाऱ्याजवळच्या पवनीची. अठ्ठ्याऐंशी साली, बाविसाव्या वर्षी, पांढरी साडी नेसून बुद्धवंदना म्हणून तिचं लग्न झालं आणि भोसरीच्या एका कारखान्यात मशीन चालवणाऱ्या आनंद मेश्रामबरोबर ती दापोडीच्या एका खोलीत आली. आनंद भला माणूस. त्याने तिला बसचे नंबर शिकवले. पगाराच्या दिवशी पेढे नाही, पेरू आणायचा, कारण तिला पेरू आवडतात हे त्याने पहिल्याच आठवड्यात हेरलं होतं. कधी आवाज चढवला नाही. फक्त अंथरुणावर पडला की भिंतीकडे तोंड करून झोपायचा.

पहिला महिना तिला वाटलं, बुजरा आहे. सहा महिन्यांनी वाटलं, दमतो. वर्षाने ती आरशात बघायला लागली. गजरा माळून झाला, डाळीचं पीठ लावून अंग घासून झालं, शेजारणीने सांगितलं म्हणून पातळ पोलकं शिवून झालं. एकदा धीर करून तिने त्याच्या पाठीवर हात ठेवला तर तो हुंदके देऊन रडायला लागला.

“तुझ्यात काही खोट नाही, नंदा,” एवढंच म्हणाला.

खोट कुणात आहे ते मात्र बोलला नाही. ब्याण्णवच्या दिवाळीनंतर तो नोकरी सोडून गेला. जाताना डबे भरून ठेवले, गॅसचा नंबर लावून ठेवला आणि टेबलावर चिठ्ठी ठेवली की मी तुला अडकवून ठेवलं आहे, माझी वाट बघू नकोस. पवनीहून भाऊ न्यायला आला. गावात नंदाला टाकलेली म्हणून राहावं लागलं असतं. ती गेली नाही. भिंतीवर बाबासाहेबांचा आणि बुद्धांचा फोटो होता, स्वयंपाकाला दोन भांडी होती, आणि दहावीची सनद होती. तेवढ्यावर तिने खोली धरून ठेवली.

दुकानात पोटमाळ्यावर पडदा लावून एक कोपरा केला. नंदा गळ्यात टेप अडकवून उभी राहायची आणि बाई आली की म्हणायची, “वर चला. आधी माप घेऊ, मग बोलू.” बायकांना तिचे हात आवडायचे. कोरडे, गरम, कुठेही न रेंगाळणारे. आणि माप घेताना बायका बोलतात. टेप छातीभोवती फिरला की कुठलं तरी झाकण निघाल्यासारखं होतं.

मंडईत पाठीवर पोती वाहणारा पोपट दरवर्षी बायकोला घेऊन यायचा. लग्नाला पंचवीस वर्षं झालेली, तीन मुलं, एक नातू. बायको पायरीवरच थांबायची, पदरात तोंड लपवून हसायची. पोपट मात्र भाजी निवडावी तसा एकेक रंग उजेडात धरून निवडायचा. “जांभळा द्या ताई. हिला जांभळा असा खुलतो, काय सांगू तुम्हाला.” बायको खालून म्हणायची, “नका सांगू.” नंदाला त्या दोघांचा हेवा वाटायचा आणि ती दोघं आली की दिवसभर बरंही वाटायचं. दोन्ही एकदम कसं वाटतं हे तिला कळायचं नाही.

नव्व्याण्णव साली आनंदीबाई आल्या. बासष्ट वर्षांच्या, विधवा, शाळेतून निवृत्त झालेल्या. पडद्याआड गेल्यावर त्यांनी ब्लाउज काढला आणि शांतपणे उभ्या राहिल्या. डावीकडे छाती नव्हती. नुसता शिवणीचा आडवा व्रण.

“मला वाइनच्या रंगाचं हवं,” त्या म्हणाल्या. “लेस असलेलं.”

नंदाची नजर टेपवरून त्या व्रणाकडे गेली. ती नजर आनंदीबाईंनी वाचली.

“कुणी बघणार नाही. मी बघते की. आंघोळ झाली की मी रोज दहा मिनिटं आरशासमोर बसते. हे होते तेव्हा कधी बसले नाही, घाई असायची. आता सवड आहे. हे अंग अजून माझं आहे, तर ते मला आवडायला नको का?”

नंदाने त्या दिवशी मऊ सुती कापडाची पुरचुंडी शिवली आणि तिच्यात मोहरी भरली. मोहरी अंगाबरोबर हलते, वजनही बरोबर येतं. ती वाइनच्या रंगाच्या लेसखाली बसवली. आनंदीबाई आरशात डावीकडून बघत राहिल्या, उजवीकडून बघत राहिल्या. मग त्यांनी स्वतःच्याच खांद्यावरून हात फिरवला, मांजरावरून फिरवावा तसा. नंदा जिना उतरून खाली आली. कुणाचं तरी खाजगी सुख चालू असताना तिथे उभं राहायचं नसतं, एवढं तिला समजत होतं.

संध्याकाळी दापोडीला परतल्यावर ती स्वयंपाक करायची, रेडिओ लावायची, झोपायची. स्वतःच्या अंगाकडे ती आंघोळीपुरती बघायची. अंग धुवायचं, पुसायचं, झाकायचं. दिवसभर शेकडो बायकांना हात लावणाऱ्या बाईला वर्षानुवर्षं कुणाचा हात लागला नव्हता. बसमध्ये सुटे पैसे देताना कंडक्टरची बोटं लागायची, ती सोडून.

मग हिंजवडी सॉफ्टवेअर कंपन्यांनी भरायला लागली. दुकानात जीन्स घातलेल्या मुली यायला लागल्या, कुणी नागपूरची, कुणी लातूरची. त्या आईच्या वयाच्या बायकांसारखं कुजबुजायच्या नाहीत. दोन हजार सहा साली चैताली आणि नम्रता पहिल्यांदा आल्या. दोघी सत्तावीस-अठ्ठावीसच्या, एकाच सॉफ्टवेअर कंपनीत, वाकडला एका फ्लॅटमध्ये राहणाऱ्या. पडद्याआड दोघी एकदमच गेल्या. नंदा दुसरं माप घेऊन वर गेली तेव्हा पडदा अर्धा सरकलेला होता. नम्रता चैतालीच्या पाठीवरचा हूक लावत होती. हूक लागला, तरी तिचे हात तिथेच होते. तिने कपाळ चैतालीच्या मानेला टेकवलं होतं आणि डोळे मिटले होते. चैतालीने मागे हात नेऊन तिचे केस धरले होते.

नंदा आवाज न करता पाऊल मागे घेत होती, तेवढ्यात चैतालीला ती आरशात दिसली.

पुढच्या आठवड्यात चैताली एकटीच आली. उगाच काहीबाही उलथंपालथं केलं आणि गिऱ्हाईक कमी झाल्यावर हळू म्हणाली, “मावशी, तुम्ही कुणाला बोलणार तर नाही ना?”

“काय बोलू? तुझं माप बत्तीसचं चौतीस झालंय हे?”

चैताली हसली आणि हसता हसता तिचे डोळे भरले. “घरी स्थळं बघतायत. आई म्हणते, लग्न कर, मग होते सवय. मला सांगा मावशी, त्या मुलाचं मी काय करू? त्याची काय चूक? तो बिचारा जवळ येईल आणि मी रोज भिंतीकडे तोंड करून पडून राहीन.”

नंदाच्या हातातलं खोकं तसंच राहिलं. चौदा वर्षांत तिने त्या भिंतीचा नाना परीने विचार केला होता. दुसरी बाई असेल, आजार असेल, आपल्या अंगाला वास येत असेल. हे मात्र मनात आलं नव्हतं. आनंदची ती पाठ, ते हुंदके, कारखान्यातल्या एका मित्राचं नाव घेताना त्याचा बदलणारा आवाज, सगळं एका जागी येऊन बसलं.

“नको करूस लग्न,” ती म्हणाली. “भिंतीकडे तोंड करणाऱ्याच्या पाठीमागे एक माणूस जागं असतं. त्याचा फार अंत बघितला जातो.”

आनंदची बहीण बोपोडीच्या विहारात कधी कधी दिसायची. जयंतीच्या दिवशी नंदाने तिला गाठून पत्ता विचारला. नणंद जरा घुटमळली, मग म्हणाली, “लोणी काळभोरला असतो. कॉलेजच्या वर्कशॉपमध्ये कामाला आहे.”

नंदाला वाटत होतं तो नागपूरला असेल, मुंबईला असेल. तो इतकी वर्षं एका बसच्या अंतरावर होता.

पुढच्या सोमवारी ती गेली. सोमवार दुकानाच्या सुट्टीचा. सोलापूर रस्त्याला उतरून विचारत विचारत ती एका रोपवाटिकेपाशी पोचली. गुलाबाच्या काळ्या पिशव्यांमध्ये एक दणकट, पन्नाशीचा माणूस पाणी घालत होता.

“आनंद मेश्राम इथे राहतात का?”

त्याने पाइप खाली ठेवला. तिच्याकडे नीट पाहिलं. “तुमी नंदाताई,” तो म्हणाला. विचारलं नाही, ओळखलं. “मी कचरू. या, बसा. आत हाय त्यो. जेवायची येळ झालीच हाय.”

आनंद बाहेर आला. केस पांढरे झाले होते, चष्मा लागला होता. तो दारातच उभा राहिला. कचरूने ताटं मांडली. वांग्याची भाजी, भाकरी, कांदा. तिघं जेवायला बसले. गरम भाजीच्या वाफेने आनंदचा चष्मा धुरकटला. कचरूने त्याच्या नाकावरचा चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाला पुसला, उजेडात धरून बघितला आणि परत त्याच्या कानांवर अडकवला. आनंदने मान जराशी पुढे केली होती, तेवढीच. दोघांना त्यात काही केल्यासारखं वाटलं नाही. त्यांचं जेवण चालू राहिलं.

नंदाने मात्र हातातला घास ताटात परत ठेवला. आनंदला हे येत होतं. असं कुणाकडे मान पुढे करणं, कुणाच्या हाती चेहरा देणं त्याला येत होतं. तो कोरडा नव्हता. त्याचं पाणी दुसऱ्या वाटेचं होतं.

तिला सोडायला आनंद थांब्यापर्यंत आला.

“मला माफ कर, नंदा.”

“तुम्हाला लग्नाआधी माहीत होतं?”

तो रस्त्यावरचे ट्रक बघू लागला. “होतं. वाटलं, लग्नाने जाईल. सगळे तसंच सांगायचे.”

“म्हणजे तुम्हाला माहीत होतं आणि मला नव्हतं.” तिने आवाज चढवला नाही. “चार वर्षं मी आरशात बघून स्वतःत काय चुकलंय ते शोधत होते. त्यानंतर चौदा वर्षं आरशात बघितलंच नाही. तुम्ही कुणाबरोबर राहता त्याचा मला राग नाही. तो माणूस चांगला आहे. हे सांगितलं नाहीत, त्याचा राग आहे.”

“असू दे तो राग,” आनंद म्हणाला. “तो तुझा हक्कच आहे.”

बस आली. ती चढली. खिडकीतून पाहिलं तर तो चष्मा काढून डोळे पुसत होता. हडपसर येईपर्यंत तिला रडू येत होतं, पण ते दुःखाचंच होतं असं नाही. वय चाळीस, आणि तिच्या अंगात काहीही खोट नव्हती. हे कळायला ती लोणीपर्यंत जाऊन आली होती.

दुकानात भिवंडीच्या कारखान्यातून लेस आणि सॅटिनचे नमुने घेऊन बापूराव यायचे. चोपन्न वर्षांचे, विधुर, हडपसरला राहणारे, मितभाषी. अकरा वर्षं ते दर पंधरवड्याला येत होते. त्यांची एक सवय होती. नवं कापड आलं की डोळे मिटून ते अंगठा आणि तर्जनी यांच्यामध्ये धरायचे आणि मगच बोलायचे. “हे टोचेल,” म्हणायचे, किंवा “हे विसरता येईल असं आहे.” अंगावरचं कापड विसरता आलं पाहिजे, असं त्यांचं मत. नंदा ती बोटं कित्येक वर्षं बघत होती. आपण बघतो आहोत, हे तिने स्वतःशी कबूल केलं नव्हतं.

लोणीहून आल्यानंतरच्या पंधरवड्यात ते नमुने आवरत होते.

“बापूराव, सोमवारी दुकान बंद असतं,” नंदा म्हणाली.

“माहीत आहे.”

“मी घरी असते.”

बापूरावांनी घडी घातलेलं कापड उलगडलं आणि परत चुकीची घडी घातली. “किती वाजता यावं?” त्यांनी विचारलं.

सोमवारी अकरा वाजता ते आले. हातात अंजिरांची पुडी होती. चहा झाला, अंजिरं झाली, पावसापाण्याचं बोलणं झालं. मग नंदाने खिडकीचा पडदा ओढला आणि त्यांच्याकडे न बघता म्हणाली, “मला यातलं काही येत नाही. लग्न झालं होतं, पण काही झालं नव्हतं.”

“मला तरी कुठे आठवतंय,” बापूराव म्हणाले. “बारा वर्षं झाली.”

दोघांना हसू फुटलं. त्या हसण्याने पुष्कळ काम सोपं केलं. त्यांनी कसलीच घाई केली नाही. दंडापासून मनगटापर्यंत, मानेपासून कमरेपर्यंत त्यांची बोटं गेली, डोळे मिटलेले. नंदाच्या अंगावर काटा आला, मग ऊब आली, मग तिला कळेनासं झालं की कुठे तिचं अंग संपतं. आपल्या तोंडून असा आवाज येतो, हे तिने त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं. गल्लीत भंगारवाला ओरडत गेला, कुणाच्या तरी कुकरची शिट्टी झाली. भर दुपारी, जगाचे सगळे व्यवहार चालू असताना, ती हे करत होती आणि तिला जराही चोरी केल्यासारखं वाटत नव्हतं.

तीन वर्षं असे सोमवार आले. त्यात कधी नुसती झोप असायची, कधी भांडण, कधी एकमेकांच्या पायांना तेल लावणं. बापूरावांचे गुडघे दुखायचे, तिची पाठ धरायची. त्या दुखण्याच्या भोवतीनेच त्यांना वाट काढावी लागायची. ती काढण्यातही मजा होती.

मग बापूरावांच्या मुलाला बंगळूरला मोठ्या सॉफ्टवेअर कंपनीत जागा मिळाली. सून पण त्याच क्षेत्रातली. त्यांना बाळ झालं आणि घरात कुणी तरी हवं झालं.

“तू चल ना,” बापूराव म्हणाले.

“कोण म्हणून?”

त्यांनी मुलाला नंदाबद्दल एकदा सांगून पाहिलं होतं. मुलगा म्हणाला होता, बाबा, या वयात लोक काय म्हणतील. बापूरावांनी तो विषय तिथेच सोडला होता. ते वाईट नव्हते, फक्त मुलासमोर उभं राहायचं त्यांना कधी जमलं नव्हतं. आत्ताही ते तिच्या हाताकडे बघत राहिले.

“जा तुम्ही,” नंदा म्हणाली. “बाळाला सांभाळा.”

ते गेल्यानंतरचे सोमवार वाईट होते. आधीचा एकटेपणा तिला सवयीचा होता, त्याला चव नव्हती. या एकटेपणाला चव होती, वास होता, दिवस ठरलेला होता. अकरा वाजले की अंग आपोआप वाट बघायला लागायचं. तिने घर सारवावं तसं घासून काढलं, डबे उतरवले, परत लावले. एका सोमवारी तर ती बंद दुकानासमोर जाऊन उभी राहिली. हिंमतराव हिशेबासाठी म्हणून आतच होते. त्यांनी फळी उघडून पाहिलं.

“नंदाबाई, सुट्टीचा अर्थ माहीत नाही की घर सापडत नाही?”

“दोन्ही,” ती म्हणाली.

हिंमतरावांनी फळी पूर्ण उघडली. चहा मागवला आणि दोघांनी तो उभ्यानेच घेतला.

त्यांच्या दुकानाशेजारी महानगरपालिकेच्या पोहण्याच्या तलावाची जाहिरात लागली होती. बायकांसाठी वेगळी वेळ, दुपारी बारा ते एक. नंदा वैनगंगेच्या काठी वाढलेली, पण तिथे मुलींनी धुणं धुवायचं आणि मुलांनी उड्या मारायच्या. गुडघ्याच्या वर पाणी तिला माहीत नव्हतं. चव्वेचाळिसाव्या वर्षी तिने पोहण्याचा पोशाख शोधला. तिच्या मापाचा मिळेना, तेव्हा तिने स्वतःच शिवला, गडद निळा, मांडीपर्यंत.

पहिले चार सोमवार ती कठडा धरून राहिली. पाचव्या सोमवारी शिकवणारी बाई म्हणाली, “हात सोडा आणि मागे पडा. काही करायचं नाही. फक्त पडायचं.”

नंदाने हात सोडले. पाणी मानेखाली आलं, कमरेखाली आलं, गुडघ्यांखाली, बोटांच्या बेचक्यांत. एकाच वेळी सगळीकडे. इतक्या सगळ्या जागी तिला एकदम कुणीच धरलं नव्हतं. कानात पाणी भरल्यामुळे बाकीच्या बायकांचे आवाज लांब गेले. वर ऊन होतं. ती स्वतःशीच हसत तशीच तरंगत राहिली.

वेळ संपल्याची शिट्टी वाजली तरी तिला ऐकू आली नाही. सगळ्यात शेवटी ती बाहेर आली, केस पिळले, साडी नेसली. दापोडीच्या बसमध्ये शेजारची जागा रिकामी होती. घरी येऊन तिने एका कपाचं आधण ठेवलं. फोन वाजला. बापूराव होते, मागे बाळ रडत होतं.

“काय करतेस?” त्यांनी विचारलं.

“आत्ताच आले,” ती म्हणाली. “केस ओले आहेत.”

पलीकडून बाळाचं रडणं ऐकू येत राहिलं. चहा उतू जायला लागला तसा तिने गॅस बारीक केला आणि फोन कानाला तसाच धरून ठेवला.